वसाहती युद्धांचे मूकपट

यूरोपीय सत्ता व अमेरिकेची संयुक्त संस्थाने यांनी आशिया, आफ्रिका व कॅरिबियन समुद्र या प्रदेशांत केलेल्या लढायांचे चित्रण करणारे, किंवा तसे चित्रण असल्याचा भास निर्माण करणारे मूक चित्रपट. त्यांचा काळ स्थूलमानाने १८९७ ते १९३० असा धरता येतो. चित्रपटाचा जन्म आणि वसाहतवादाचा परमोत्कर्ष या दोन्ही घटना एकाच दशकातील होत. ल्यूम्येअर बंधूंनी २८ डिसेंबर १८९५ रोजी पॅरिस येथे आपल्या चलच्चित्रांचा पहिला सशुल्क जाहीर खेळ केला आणि ७ जुलै १८९६ रोजी त्यांची चित्रे मुंबईच्या वॉटसन हॉटेलात दाखविण्यात आली. त्यानंतरच्या चार-पाच वर्षांतच सूदान, क्यूबा, फिलिपीन्स, दक्षिण आफ्रिका आणि चीन येथे युद्धे झाली. वृत्तपत्रांतून त्यांच्या बातम्या वाचणाऱ्या शहरी प्रेक्षकाला ती युद्धे आता डोळ्यांनी पाहावयाची होती. ही मागणी पुरविताना प्रत्यक्ष लढाई कॅमेऱ्यात जवळजवळ उतरलीच नाही. पडद्यावर आली ती बहुतांशी गोल्फच्या मैदानावर, पाण्याच्या पिंपात किंवा घरामागील बागेत उभी केलेली लढाई होती. युद्धपटाची रीत या उभ्या केलेल्या लढाईतूनच पुढे घडत गेली.

प्रत्यक्ष चित्रणातील अडचणी : आरंभीच्या कॅमेऱ्यात साधारणतः एक मिनिट चालेल एवढीच फिल्म मावत असे. कॅमेरा तिवईवर रोवावा लागे आणि तो चालविणाऱ्याला उभे राहावे लागे. म्हणजेच शत्रूला तो सहज दिसे. त्याच सुमारास युद्धाचे तंत्रही पालटले होते. धूरविरहित दारू व लांब पल्ल्याच्या बंदुका यांमुळे सैनिक एकमेकांपासून हजार-हजार मीटरांवरून लढू लागले. ज्या शत्रूला समोरचा शिपाईच पाहू शकत नव्हता, तो पन्नास फूट फिल्मवर उमटणे शक्यच नव्हते. पूर्वीच्या युद्धचित्रांतील समोरासमोरची चढाई, फडकणारे निशाण आणि उपसलेली तलवार यांची सवय झालेल्या प्रेक्षकाला खऱ्या युद्धाचे चित्र रितेच वाटले असते.

ब्रिटिश युद्धचित्रकार फ्रेडरिक व्हिल्यर्झ (१८५१–१९२२) याचा अनुभव या दृष्टीने बोधप्रद आहे. १८९७ च्या ग्रीक–तुर्की युद्धात तो चलच्चित्रणाचा कॅमेरा घेऊन गेला. परत आल्यावर त्याला असे आढळले की, त्याच युद्धाची अधिक थरारक ‘दृश्ये’ बाजारात आधीच येऊन दाखल झाली आहेत. ही दृश्ये फ्रान्समध्ये तयार झालेली होती. खऱ्या रणांगणावरून आणलेल्या त्याच्या फिल्मला त्यांच्यापुढे भाव उरला नाही. पुढील वर्षी सूदानमधील ऑम्डरमनच्या लढाईत (२ सप्टेंबर १८९८) त्याने नाईल नदीतील तोफनौकेवर कॅमेरा लावला. परंतु तोफ उडताच बसलेल्या हादऱ्याने तो उलथून पडला. या लढाईत महदीपंथीयांचे दहा हजारांहून अधिक लोक मारले गेले, तर ब्रिटिश–ईजिप्शियन सैन्यातील मृतांची संख्या पन्नासच्या आत होती. जॉन बेनेट-स्टॅनफर्ड याने घेतलेले या मोहिमेचे जे चित्रण प्रसिद्ध झाले, त्यात ग्रेनेडिअर गार्ड पलटणीचे शिपाई सज्ज होताना दिसतात. समोरचा संहार त्यात नाही.

झॉर्झ मेल्येस (१८६१–१९३८) या फ्रेंच जादूगार-दिग्दर्शकाने ग्रीक–तुर्की युद्धाची दृश्ये आपल्या माँत्रय येथील काचेच्या कलागृहात उभी केली. त्याच वर्षी त्याने ब्रिटिश चौकीवरील हल्ला आणि हिंदुस्थानातील रस्त्यावरची चकमक असे दोन लघुपटही काढले. त्या वेळी वायव्य सरहद्दीवर पठाण टोळ्यांचा उठाव चालू होता. हे दोन्ही लघुपट आज उपलब्ध नाहीत. तथापि हिंदुस्थानातील लढाईचे पडद्यावरील पहिले दर्शन पॅरिसच्या उपनगरात घडविले गेले, एवढे त्यांच्यावरून सांगता येते.

क्यूबा व फिलिपीन्स : १५ फेब्रुवारी १८९८ रोजी हॅवाना बंदरात ‘मेन’ ही अमेरिकन युद्धनौका स्फोटाने बुडाली आणि त्यातून स्पेनशी युद्ध उद्भवले. एडिसन कंपनीतर्फे विल्यम पेली व बायोग्राफ कंपनीतर्फे बिली बिट्‌झर यांनी क्यूबात जाऊन चित्रण केले. त्यांना सैन्याची जहाजे, छावण्या आणि खेचरांचे तांडे मिळाले. लढाई मिळाली नाही. ती न्यूयॉर्कमध्ये व्हायटाग्राफच्या स्टुअर्ट ब्लॅक्टन व अल्बर्ट स्मिथ यांनी तयार केली. जहाजांच्या छायाचित्रांतून आकृत्या कापून त्या पाण्यावर तरंगत ठेवल्या, चिमूटभर दारू पेटविली आणि धुरासाठी सिगारेटचा व चिरुटाचा उपयोग केला, असे स्मिथने आपल्या आठवणींत म्हटले आहे. त्याच्या इतर काही हकिकतींविषयी मात्र अभ्यासक साशंक आहेत. इलिनॉय राज्यातील एडवर्ड ॲमेट यानेही छोट्या प्रतिकृतींच्या साहाय्याने स्पॅनिश आरमाराचा नाश दाखविला.

स्पेनचा पराभव झाल्यावर फिलिपिनो स्वातंत्र्यवाद्यांशी अमेरिकेचे दुसरे व अधिक रक्तरंजित युद्ध सुरू झाले (१८९९–१९०२). एडिसन कंपनीच्या जेम्स व्हाइट याने १८९९ च्या जून महिन्यात न्यू जर्सीतील झाडीत त्याचे प्रसंग चित्रित केले. कॅलूकन येथील कॅन्ससच्या स्वयंसेवकांची चढाई दाखविणाऱ्या चित्रफितीत निशाणधारी शिपाई कोसळतो आणि दुसरा लगेच ते निशाण उचलतो. दुसऱ्या एका चित्रफितीत खंदकातील फिलिपिनो काही वेळ गोळीबार करून पळ काढतात आणि अमेरिकन सैनिक तो खंदक ताब्यात घेतात. अमेरिकन सैनिकांच्या भूमिका गणवेशधारी राष्ट्ररक्षक दलाच्या शिपायांनी केल्या, तर फिलिपिनो म्हणून पांढरे कपडे घातलेल्या निग्रोवंशीय अमेरिकनांना उभे करण्यात आले. ‘काळा तो शत्रू’ हे समीकरण असे केवळ पात्रयोजनेतूनच सिद्ध झाले. त्यासाठी उपशीर्षकाचीही गरज पडली नाही. विक्रीसाठी छापलेल्या सूचीतील वर्णने प्रत्यक्ष घटनेच्या थाटात लिहिलेली असत. या युद्धात व त्यामागून आलेल्या दुष्काळ-रोगराईत सु. दोन लाख फिलिपिनो नागरिक मृत्यू पावले असा अंदाज आहे. एक मिनिटाच्या त्या चित्रफितींत नागरिक दिसतच नाहीत.

बोअर युद्ध : या प्रकारच्या चित्रपटांचा सर्वांत समृद्ध, आणि अभ्यासाला सर्वांत सोयीचा, काळ म्हणजे दक्षिण आफ्रिकेतील दुसऱ्या बोअर युद्धाचा (११ ऑक्टोबर १८९९ ते ३१ मे १९०२) होय. युद्ध सुरू झाल्यावर तीनच दिवसांनी, म्हणजे १४ ऑक्टोबर रोजी, सरसेनापती सर रेडव्हर्स बुलर याला घेऊन निघालेल्या ‘डनॉटर कॅसल’ या जहाजावर बायोग्राफ कंपनीचा विल्यम केनेडी लॉरी डिक्सन (१८६०–१९३५) हाही होता. वार्ताहर म्हणून निघालेला विन्स्टन चर्चिल त्याचा सहप्रवासी होता. डिक्सन हा पूर्वी एडिसनच्या प्रयोगशाळेत काम करीत असे आणि चलच्चित्रणाच्या यंत्राच्या जडणघडणीत त्याचा मोठा वाटा होता. त्याच्या कॅमेऱ्याची फिल्म सु. ७ सेंमी. रुंद, म्हणजे नेहमीच्या फिल्मच्या दुप्पट होती. त्यामुळे चित्र अत्यंत स्वच्छ उमटे, पण यंत्र अवजड होई. घोडागाडीत घालून त्याने ते नाताळच्या आघाडीवर फिरविले व १९०१ मध्ये या प्रवासाची दैनंदिनी ग्रंथरूपाने प्रसिद्ध केली.

डिक्सनने कलेन्सो येथे नौदलाच्या तोफांचा मारा चित्रित केला. त्या लढाईत (१५ डिसेंबर १८९९) खंदकांत दडलेले बोअर ब्रिटिश सैनिकांनाच क्वचित दिसले. कॅमेऱ्याला तोफा व तोफची तेवढे दिसले. स्पिऑन कॉपच्या टेकडीवरील लढाईच्या वेळी (२३–२४ जानेवारी १९००) त्याने टुगेला नदी ओलांडणाऱ्या रुग्णवाहक गाड्यांची रांग टिपली. ही चित्रफीत आज उपलब्ध आहे. तीत एकही गोळी सुटत नाही, कोणी पडत नाही. गाड्यांमागून गाड्या नदीकडे उतरत राहतात. टेकडीवर काय घडले असेल याची कल्पना त्या रांगेच्या लांबीवरून येते आणि म्हणूनच, संपूर्ण युद्धाच्या चित्रणांत, प्रस्तुत लेखकाच्या मते, हे सर्वांत बोलके ठरते. ब्रिटिशांचे दीड हजारांच्या आसपास सैनिक त्या टेकडीवर मृत वा जखमी झाले. दुसऱ्या दिवशी खंदकात पडलेल्या प्रेतांची स्थिर छायाचित्रे घेतली गेली व ती जगभर गाजली. परंतु चलच्चित्राच्या पडद्यावर असे दृश्य आले नाही. विविधरंजनगृहात सहकुटुंब आलेल्या प्रेक्षकांना ते दाखविण्यास कोणी चालक धजावला नसता.

याच लढाईत नाताळमधील भारतीयांचे रुग्णसेवापथक काम करीत होते. मो. क. गांधी यांनी उभारलेल्या या पथकात सु. १,१०० लोक होते, त्यांपैकी सु. तीनशे स्वतंत्र व बाकीचे गिरमिटिया होते. जखमींच्या डोल्या खांद्यावर घेऊन त्यांनी दिवसाकाठी २०–२५ मैलांची चाल केली. आफ्रिकी लोकांचा सहभाग तर याहून कितीतरी मोठा होता. गाडीवान, मजूर, टेहळे व काही ठिकाणी सशस्त्र पहारेकरी म्हणून हजारो आफ्रिकी दोन्ही बाजूंना राबत होते. तरीही ‘हे गोऱ्यांचे युद्ध’ असे दोन्ही पक्ष म्हणत राहिले. इंग्लंडमध्ये उभ्या केलेल्या युद्धदृश्यांनी ते म्हणणे अक्षरशः खरे करून दाखविले, कारण त्यांतील रणभूमीवर गोऱ्यांखेरीज बहुधा कोणीच नसे.

या उभ्या केलेल्या दृश्यांचा प्रमुख निर्माता रॉबर्ट पॉल (१८६९–१९४३) हा होय. त्याने आफ्रिकेतून खरी चित्रणेही मिळविली होती. सैन्यवैद्यक वॉल्टर बीव्हर याने त्याच्यासाठी शरण आलेल्या बोअर सेनापती क्रोन्येचे चित्रण केले (फेब्रुवारी १९००). परंतु त्यापूर्वीच, १८९९ मध्ये, लंडनच्या उत्तरेकडील मझ्वेल हिल येथील गोल्फच्या मैदानावर पॉलने ठाण्यावरील हल्ला, माफेकिंगवरील तोफमारा, चिलखती आगगाडीचा नाश, रणांगणावरील परिचारिका इ. प्रसंगांची मालिका तयार केली. आपल्या जाहिरातीत त्याने ती ‘प्रतिकृती’ असल्याचे स्पष्टपणे नमूद केले होते. मात्र चित्रफीत एकदा विकली गेली की निर्मात्याचा तिच्यावर ताबा राहत नसे. गावोगावचे फिरते खेळवाले खरी व बनावट दृश्ये एकापुढे एक जोडून दाखवीत व मधली भाषणबाजी आपल्या पदरची करीत.

लँकाशरमधील ब्लॅकबर्न येथील मिचेल व केन्यन यांच्या चित्रफितींत कथेचा अंश अधिक आहे. त्यांच्या एका चित्रफितीत बोअर रेड क्रॉसच्या तंबूवर तोफा डागतात. दुसरीत एक बोअर पहारेकऱ्यावर दबा धरून येतो. तिसरीत जखमी सोबत्याला वाचविणारा शिपाई व्हिक्टोरिया क्रॉस मिळवितो. बोअर गोरे व ख्रिस्ती असल्याने त्यांना रानटी ठरविणे सोपे नव्हते; म्हणून त्यांना युद्धनीती मोडणारे ठरविण्यात आले. इंग्लंडबाहेर चित्र पालटे. एडिसन कंपनीने १९०० मध्ये न्यू जर्सीतच बोअर युद्धाचीही दृश्ये घेतली. त्यांत ब्रिटिश बोअरांच्या तोफा जिंकतात, तसेच बोअर ब्रिटिश कैद्यांना घेऊन येतात. ब्रिटिशविरोधी आयरिश वस्तीत खेळ असेल तर कोणती चित्रफीत शेवटी लावायची, हे खेळवाल्याने ठरवावे. मालाचा पुरवठा दोन्ही बाजूंनी होता.

जून १९०० मध्ये प्रिटोरिया पडले व वॉर्विक कंपनीच्या जोझेफ रोझेन्थाल (१८६४–१९४६) याने तेथील ब्रिटिश सैन्याचा प्रवेश चित्रित केला. त्यानंतर रोझेन्थाल चीनकडे वळला, डिक्सन मायदेशी परतला आणि प्रेक्षकांच्या लेखी युद्ध संपले. प्रत्यक्षात ते आणखी जवळजवळ दोन वर्षे चालले. शेते जाळणे, स्त्रिया-मुलांना काटेरी तारांच्या छावण्यांत कोंडणे हे सर्व या उत्तरार्धातील होय. छावण्यांमध्ये २६,००० हून अधिक बोअर, बहुतांशी मुले, आणि वेगळ्या छावण्यांत किमान १४,००० आफ्रिकी मृत्यू पावले. एमिली हॉबहाउस या समाजसेविकेच्या १९०१ मधील अहवालाने इंग्लंड हादरले. हे घडले ते लेखणीने. चलच्चित्राचा त्यात भाग नव्हता. निशाण चढले की कॅमेरा आवरता घ्यायचा, हा प्रघात तेव्हापासूनच पडला.

चीनमधील उठाव : १९०० च्या बॉक्सर उठावावरील ‘अटॅक ऑन अ चायना मिशन’ हा लघुपट चित्रपटकलेच्या इतिहासातही महत्त्वाचा आहे. इंग्लंडच्या दक्षिण किनाऱ्यावरील होव्ह येथील औषधविक्रेता व छायाचित्रकार जेम्स विल्यमसन (१८५५–१९३३) याने तो त्याच वर्षी एका रिकाम्या घराच्या आवारात तयार केला; त्यात त्याच्या मुलीनेही काम केले आहे. बॉक्सर फाटक फोडून आत शिरतात. घरासमोर मिशनरी त्यांच्याशी लढताना मारला जातो. त्याची पत्नी सज्जातून रुमाल हलवून मदत मागते. त्यानंतर कॅमेरा उलट बाजूला वळतो आणि फाटकातून रांगेने येणारे ब्रिटिश नौसैनिक दिसतात. शेवटी पुन्हा घर व सुटका. केवळ चार दृश्यखंडांत रचलेल्या या लघुपटात दृष्टिकोन बदलून कथा पुढे नेण्याची किमया साधली आहे. संकट, हाक आणि ऐनवेळी येणारे सैन्य ही तिची चौकट पुढे अमेरिकन चित्रपटात, विशेषतः डी. डब्ल्यू. ग्रिफिथच्या कृतींत व पश्चिमी साहसपटांत, हुकमी झाली.

पीकिंगमध्ये मात्र घटना निराळ्या घडल्या. चीनवर पाठविलेल्या ब्रिटिश फौजेत मोठा भरणा हिंदी पलटणींचा होता आणि १४ ऑगस्ट १९०० रोजी वेढ्यात अडकलेल्या ब्रिटिश वकिलातीत प्रथम पोहोचले ते राजपूत व शीख शिपाई. सातव्या राजपूत पलटणीतील ठाकूर गदाधर सिंह यांनी ‘चीन में तेरह मास’ या हिंदी ग्रंथात (१९०२) त्या मोहिमेचे वर्णन केले असून परकीय सैन्यांनी केलेली लूट व चिनी जनतेचे हाल यांविषयी त्यांना वाटलेली व्यथाही त्यात नोंदविली आहे. होव्हच्या बागेतील सुटका करणाऱ्यांत हिंदी शिपायाला जागा नव्हती.

कथापटांचा काळ : १९०७ नंतर चित्रपटांची लांबी वाढली व ताज्या बातमीऐवजी इतिहासाकडे निर्माते वळले. इटलीच्या लिबियावरील स्वारीचे (१९११–१२) लूका कोमेर्यो याने विपुल चित्रण केले. तिचाच प्रतिध्वनी रोम–कार्थेज संघर्षावरील ‘काबीर्या’ (१९१४) या भव्य चित्रपटात उमटला आहे. दक्षिण आफ्रिकेत हॅरल्ड शॉ याने ‘द व्होरट्रेकर्स’ (१९१६) हा ब्लड रिव्हरच्या १८३८ मधील लढाईवरील चित्रपट काढला. त्यातील झुलू योद्ध्यांच्या भूमिकांसाठी खाणीतील मजूर आणले होते. चित्रीकरण चालू असताना खोट्या लढाईला खऱ्या मारामारीचे स्वरूप आले, अशी नोंद आहे. बोअर व ब्रिटिश यांच्यातील वैर विसरून गोऱ्यांचे एक राष्ट्र घडविण्याचा तो काळ होता आणि त्यासाठी झुलू हा समाईक शत्रू उपयोगी पडला. १८७९ च्या झुलू युद्धावरील ‘सिंबल ऑफ सॅक्रिफाइस’ (१९१८) हा चित्रपटही याच वळणाचा आहे.

१८५७ च्या उठावावर एडिसन कंपनीने ‘द रिलीफ ऑफ लखनौ’ (१९१२) काढला. त्याचे चित्रीकरण बर्म्यूडा बेटावर झाले. १९१५ च्या ‘द कँबेल्स आर कमिंग’ या अमेरिकन चित्रपटात दिग्दर्शक फ्रान्सिस फोर्ड याने नानासाहेब पेशव्यांची भूमिका स्वतःच केली व ती खलनायकाची रंगविली. वेढा, संकटात सापडलेल्या गोऱ्या स्त्रिया आणि ऐनवेळी धावून येणारे सैन्य ही विल्यमसनची चौकट येथे लखनौला लावलेली आढळते. उठावाच्या कारणांचा प्रश्नच तीत उद्भवत नाही.

भारतीय निर्मात्यांना यावर उत्तर देण्याची मुभा नव्हती. हरिश्चंद्र सखाराम भाटवडेकर यांनी मुंबईत १९०१ मध्ये रँग्लर र. पु. परांजपे यांच्या स्वागताचे व पुढे दिल्ली दरबाराचे चित्रण केले. परंतु रणभूमीवर भारतीय कॅमेरा पोहोचला नाही. १९१८ च्या कायद्यानंतर मुंबई, कलकत्ता, मद्रास इ. ठिकाणी अभ्यवेक्षण मंडळे स्थापन झाली आणि इंग्रजांविरुद्धची लढाई पडद्यावर आणणे अशक्य झाले. अशा स्थितीत मराठी निर्मात्यांनी मोगल–मराठे संघर्षाचा आश्रय घेतला. बाबूराव पेंटर यांचा ‘सिंहगड’ (१९२३) हा त्याचा उत्तम नमुना होय. इतिहासाआडून काय सुचविले जात आहे हे प्रेक्षक ओळखत, तसे सरकारही ओळखून होते. प्रभात फिल्म कंपनीने शिवाजी महाराजांच्या स्वराज्यस्थापनेवर १९३० मध्ये ‘स्वराज्याचे तोरण’ हा मूकपट काढला, तेव्हा त्यातील पहिल्याच शब्दाला हरकत घेण्यात आली आणि तो ‘उदयकाल’ या नावाने प्रदर्शित करावा लागला.

जतन व पारख : आरंभीच्या युद्धपटांपैकी बरेच नष्ट झाले आहेत. अमेरिकेत चित्रपटांना १९१२ पर्यंत स्वतंत्र कायदेशीर संरक्षण नसल्याने निर्माते ते कागदाच्या गुंडाळ्यांवर छापून छायाचित्रे म्हणून नोंदवीत. काँग्रेसच्या ग्रंथालयात राहिलेल्या त्या गुंडाळ्यांवरून फिलिपीन्सविषयक चित्रफिती पुन्हा तयार करता आल्या. ब्लॅकबर्न येथे एका दुकानाच्या तळघरात १९९४ मध्ये मिचेल व केन्यन यांच्या आठशेहून अधिक मूळ प्रती सापडल्या व ब्रिटिश फिल्म इन्स्टिट्यूटने त्यांचे जतन केले. खरे व बनावट यांतील भेद ओळखण्याची काही गमके अभ्यासकांनी ठरविली आहेत. दोन्ही सैन्ये एकाच चौकटीत व काही मीटरांच्या अंतरात असणे, कॅमेरा दोन्ही फळ्यांच्या मध्ये निर्धास्त उभा असणे, मरणारा शिपाई हात उंचावून कॅमेऱ्याकडे तोंड करून पडणे ही त्यांपैकी प्रमुख होत. ट्रान्सव्हालच्या उघड्या माळावर लँकाशरची दाट हिरवळ दिसू लागली, तर अन्य पुराव्याची गरजही उरत नाही. डिक्सनच्या रुग्णवाहक गाड्यांसारख्या चित्रफितींत यांपैकी एकही खूण आढळत नाही. त्यांत लढाईही दिसत नाही.